नुसती ब्रूस लीची बहीण नव्हे हो!
तुमच्या लेखात अँजेला माओ या कुंग फू पिक्चरमधल्या नटीला 'एंटर द ड्रॅगन'मधली ब्रूस लीची बहीण एवढं म्हणून सोडून दिलंय, हे काही पटलं नाही बुवा. १९७३ च्या त्या पिक्चरमध्ये तिला जेमतेम काही मिनिटं मिळालीयेत, पण गुंड मागे लागल्यावर एकेकाला लाथा घालत पळते आणि शेवटी कोंडीत सापडल्यावर काचेचा तुकडा उचलते ना, तेव्हा तिचे डोळे बघा, काटा येतो अंगावर. मी तेवढाच सीन व्हीसीआरवर रिवाइंड करून बघायचो (घरचे वैतागायचे). आणि १९७२ च्या 'हापकिडो'त तर ती स्वतः हिरॉइन होती! लहानपणापासून चिनी ऑपेरात (त्यात गाण्यासोबत कसरती नि मारामारीही असते) घाम गाळलेला, उगाच नाही तशी लाथ बसत. पुढे न्यूयॉर्कला जाऊन घरच्यांसोबत रेस्टॉरंट काढलं, ते तरी लिहायचं होतंत.