'कार्टूनी चेहऱ्याला कवटी कशाला?' या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. "शैलीदार पोर्ट्रेट शिकवतो म्हणता आणि कवटी, गोळे, राखाडी रंगच गिरवायला लावता. चित्रकार दलालांच्या चित्रांतल्या बायकांचे डोळे तरी कुठे खऱ्यासारखे होते?" असं तुम्ही लिहिलंत. रोखठोक लिहिलंत, बरं वाटलं. पटलं मात्र नाही.

दीनानाथ दलाल चित्रकला रीतसर शिकलेले होते. 'दीपावली' अंकाच्या मुखपृष्ठांवरची चेहरेपट्टी त्यांनी हवी तशी वळवली, कारण काय वळवतोय हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. कवटी पाठ करा असं मी म्हणतच नाही. भुवईचं हाड, गालाचं हाड आणि हनुवटी कुठे आहे एवढं कळलं तरी पुष्कळ झालं.

तुम्ही सोबत जोडलेलं गोदाघाटावरच्या भाजीवाल्या आजींचं चित्र झकास आहे. डोळे दुप्पट मोठे केलेत, त्याला माझी अजिबात हरकत नाही. पण ऊन डावीकडून येतंय, डोक्यावर पदर आहे, आणि कपाळावर त्याची सावलीच नाही! दोन्ही बुबुळांभोवती नुसता पांढरा रंग थापलाय. डोळा कितीही मोठा करा, तो गोळाच असतो. वरच्या पापणीची सावली त्यावर पडतेच. तिथे राखाडीचा एक पट्टा द्या, उजवा डोळा डाव्यापेक्षा गडद ठेवा. आत्ता डोळे टिकलीसारखे चिकटवलेले दिसतात, ते खोबणीत बसतील. नाकाच्या खालच्या बाजूचंही तेच.

आकार तुमच्या मर्जीचा, उजेड नाही. सावली जांभळी करा नाहीतर हिरवी, पण डोळे किलकिले करून पाहिल्यावर ती उजेडाच्या भागापेक्षा गडदच दिसली पाहिजे. म्हणून तर आधी राखाडी.

प्रमाणाचंही तसंच. मोठ्या माणसाचे डोळे डोक्याच्या साधारण मध्यावर असतात, तान्ह्या बाळाचे त्याच्याही खाली. तुम्ही आजींचे डोळे खाली सरकवलेत, म्हणून सुरकुत्या घालूनही त्या शाळकरी पोरीसारख्या दिसतात. मुद्दाम केलं असेल तर वा! नसेल तर हे माहीत हवं.

आणि हो, चित्र काढायला टॅब्लेट नसला तर काय, असंही विचारलंत. काही अडत नाही. पोस्टर कलरची एक काळी, एक पांढरी बाटली आणि चपटा ब्रश घ्या. स्टेशनरीच्या दुकानात सहज मिळेल. फक्त ब्रश अगदीच बारीक घेऊ नका, नाहीतर पहिल्याच दिवशी पापण्यांचे केस मोजत बसाल.