निशेल निकोल्सचं आयुष्य एका चुंबनाएवढं नव्हतं

माझी भाची नववीत आहे. विज्ञान दिनाला शाळेत बोलायचं म्हणून तिने भाषण लिहिलं आणि परवा रात्री मला फोनवर वाचून दाखवलं. पहिलंच वाक्य : ‘अभिनेत्री निशेल निकोल्स ही अंतराळात जाणारी पहिली कृष्णवर्णीय महिला.’ मी तिला तिथेच थांबवलं. “मावशी, अगं सगळ्या ग्रुपवर आलंय हे,” ती म्हणाली आणि मूळ मेसेज मला पाठवला. वर ‘स्टार ट्रेक’ या अंतराळावरच्या अमेरिकी टीव्ही मालिकेतल्या लाल गणवेशातला, कानात चंदेरी यंत्र लावलेला निशेलचा फोटो, खाली एकामागून एक दावे. निशेल २०२२ च्या जुलैमध्ये ८९ व्या वर्षी गेली. तिच्या नावावर आता कुणी काहीही खपवतं आणि पोरं ते शाळेत बोलतात, याचा मला संताप येतो.

अंतराळाचं आधी उरकते. अंतराळात गेलेली पहिली कृष्णवर्णीय स्त्री म्हणजे डॉ. मे जेमिसन, सप्टेंबर १९९२, ‘एंडेव्हर’ यान. लहानपणी टीव्हीवर निशेलची उहुरा, म्हणजे ‘स्टार ट्रेक’मधली तिची भूमिका, पाहिली म्हणून आपल्याला बळ आलं, हे जेमिसननेच सांगितलंय. निशेल जिवंतपणी कधीही अंतराळात गेली नाही. जानेवारी २०२४ मध्ये एका रॉकेटमधून तिच्या अस्थींचा अंश तेवढा गेला.

आता तो चुंबनाचा दावा. मेसेज म्हणतो, ‘टीव्हीवरचं जगातलं पहिलं काळ्या-गोऱ्यांचं चुंबन. त्या प्रेमदृश्यामुळे अमेरिकेत दंगली पेटल्या.’ ‘स्टार ट्रेक’चा तो भाग २२ नोव्हेंबर १९६८ ला एनबीसी या अमेरिकी वाहिनीवर दाखवला गेला. ब्रिटनच्या आयटीव्ही वाहिनीवर त्याच्या कितीतरी आधी, १९५९ आणि १९६२ साली, नाटकांच्या प्रक्षेपणात काळा नट आणि गोरी नटी यांची चुंबनं दाखवून झाली होती. दोन्ही वेळा नट एकच, जमैकाचा लॉइड रेकर्ड. तेव्हा ‘जगातलं पहिलं’ हे साफ खोटं. अमेरिकेपुरतं बोलायचं तर अशा अगदी सुरुवातीच्या मोजक्या दृश्यांत ते मोडतं, एवढं मी मान्य करते.

पण ‘प्रेमदृश्य’ हा शब्द मला सहन होत नाही. तो भाग मी पाहिलाय. नुसत्या मनाच्या ताकदीने समोरच्याचं शरीर हलवू शकणारे परग्रहावरचे सत्ताधीश स्वतःच्या करमणुकीसाठी जहाजाचा गोरा कॅप्टन कर्क आणि उहुरा यांना एकमेकांकडे ओढतात. दोघंही शेवटपर्यंत प्रतिकार करतात. उहुरा म्हणते, मला भीती वाटतेय, आणि जहाजावर भीती वाटायची तेव्हा तुमच्या आवाजाने धीर यायचा. थोड्याच वेळात त्याच कर्कच्या हातात चाबूक येतो आणि तिच्यावर उगारला जातो. गोऱ्या माणसाच्या हातात चाबूक आणि समोर काळी बाई, हे अमेरिकेत कुणाला समजावून सांगावं लागत नाही. जबरदस्तीचा प्रसंग आहे तो. त्याला प्रेमदृश्य म्हणून नववीच्या मुलीपुढे ठेवायचं? भाचीने लाजून ते वाक्य भाषणातून गाळलं होतं, पण तिच्या डोक्यात ते ‘लव्ह सीन’ म्हणूनच बसलं होतं.

दंगलींचं म्हणाल तर निशेलचं १९९४ सालचं आत्मचरित्र वाचा. वाहिनी घाबरली होती हे खरं. चुंबनाशिवायही एकदा शूट करा, असा आग्रह झाला. तेव्हा कर्कचं काम करणाऱ्या विल्यम शॅटनरने मुद्दाम डोळे तिरळे करून तो शॉट वाया घालवला, असं तिने लिहिलंय. पुढे पत्रांचा ढीग आला आणि त्यात बहुतेक कौतुकच होतं. दक्षिणेतल्या एका गोऱ्या माणसाने तर कळवलं की काळ्या-गोऱ्यांचं मिसळणं मला मान्य नाही, पण मिठीत अशी सुंदर बाई आली तर कर्क कशाला विरोध करेल! दंगलीचा तिथे पत्ता नाही.

मार्टिन ल्यूथर किंग यांनी ‘वाहिनीच्या मालकाला फोन करून तिची नोकरी वाचवली’ हा दावाही असाच. तिला कुणी काढत नव्हतं, तीच सोडत होती. पहिल्या सीझननंतर तिने निर्माते जीन रॉडनबरी यांच्याकडे राजीनामा दिला होता. वाट्याची वाक्यं कापली जात होती आणि तिला रंगभूमी खुणावत होती. एका कार्यक्रमात किंग भेटले आणि त्यांनीच तिला राहायला सांगितलं, ही हकिगत ती आयुष्यभर सांगत आली. फोन आणि मालक मेसेजवाल्याने पदरचे घातले.

‘एका मालिकेपलीकडे काही केलं नाही’ याला काय उत्तर द्यायचं! जॅझ संगीतकार ड्यूक एलिंग्टनच्या वाद्यवृंदाबरोबर ती गायली, नाचली. उहुराच्या आधी रॉडनबरींच्याच मरीन सैनिकांवरच्या मालिकेत वर्णद्वेषावरच्या एका भागात तिने काम केलं, आणि एनबीसीने तो भाग दाखवायलाच नकार दिला. पुढे १९७४ चा ‘ट्रक टर्नर’, १९७९ ते १९९१ मधले सहा ‘स्टार ट्रेक’ चित्रपट.

आणि खरं मोठं काम मेसेजने बिघडवून सांगितलंय. ‘सॅली राइडला तिनेच शोधलं.’ राइड, म्हणजे अंतराळात गेलेली पहिली अमेरिकी स्त्री, तेव्हा स्टॅनफर्डमध्ये भौतिकशास्त्रात पीएचडी करत होती आणि तिने विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांच्या वृत्तपत्रात वाचून अर्ज केला. पण १९७७ साली नासाने स्त्रिया आणि कृष्णवर्णीयांना अंतराळवीर होण्यासाठी अर्ज करायला प्रवृत्त करायला निशेललाच नेमलं होतं, हे पक्कं. एकूण ८,०७९ अर्ज आले. जानेवारी १९७८ मध्ये ३५ जण निवडले गेले, त्यांत सहा स्त्रिया आणि तीन कृष्णवर्णीय पुरुष होते.

त्या तिघांतल्या फ्रेड ग्रेगरीने नासाला दिलेल्या मुलाखतीत सांगितलंय की टीव्हीवर निळ्या पोशाखातली निशेल दिसली, आणि ती आपल्याकडेच बोट दाखवून अर्ज करायला सांगतेय असं त्याला वाटलं. हवाई दलातला वैमानिक होता तो. त्याने अर्ज केला. १९८५ साली तो स्पेस शटल या अंतराळयानाचा पायलट झाला आणि १९८९ मध्ये कमांडर. अमेरिकेच्या अंतराळयानाचं नेतृत्व करणारा तो पहिला कृष्णवर्णीय.

भाचीला भाषणासाठी तीन मिनिटं मिळालीयेत. त्यातलं दीड मिनिट या ग्रेगरीच्या गोष्टीला दे, असं मी तिला सांगितलंय.