पुरुष जेलर बायकांची झडती घेणार? तो मेसेज खोटा आहे

बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. "1 जुलै 2024 च्या नव्या कायद्यानं जेलमधल्या पुरुष कर्मचाऱ्यांना बायकांची अंगझडती घ्यायची मुभा मिळाली. मुलाखतीला (कैद्याच्या भेटीला) येणाऱ्या बायकांनाही सगळ्यांसमोर कपडे उतरवावे लागणार. नकार दिला तर केस. तक्रार कुठेच चालणार नाही. आया-बहिणींसाठी पुढे पाठवा."

तो खानापूर तालुक्यातल्या माझ्या आत्यापर्यंत पोचला. तिचा मुलगा बेळगावजवळच्या हिंडलगा जेलात कच्चा कैदी आहे. "नको गं बाई, तिथं बाप्ये अंगाला हात लावणार असतील तर मी नाही येत," म्हणत तिनं ठरलेली मुलाखत सोडली. पोरगा आत वाट बघत बसला. म्हणून एकेका मुद्द्याचा समाचार घेते.

नवा कायदा आला, एवढं खरं. फौजदारी प्रक्रिया संहिता जाऊन भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. पण तिचं कलम 49, उपकलम 2 वाचायची तसदी कुणी घेतली का? बाईची झडती घ्यायची तर ती दुसऱ्या बाईनंच, शालीनतेचं पूर्ण भान ठेवून. जुन्या संहितेत हेच कलम 51 मध्ये होतं. आकडा बदलला, नियम तोच. हे झालं अटकेतल्या बाईचं. जेलच्या आतला नियम तर त्याहून जुना: 1894 च्या तुरुंग कायद्यात (कर्नाटकात आता त्याच धर्तीचा 1963 चा राज्याचा कायदा आहे), कलम 24 मध्ये, स्त्री कैद्याची झडती मेट्रननं, म्हणजे जेलातल्या महिला कर्मचाऱ्यानं, घ्यायची असं लिहिलंय. जे इंग्रजांनीही दिलं नव्हतं ते आता दिलं म्हणून सांगायला जीभ कशी रेटते?

एक गोष्ट मात्र मान्य करावी लागते. अटक करताना पुरुष पोलिसानं बाईला हात लावू नये, पण "परिस्थितीनं भाग पाडलं तर" अशी पळवाट कायद्यात आहे. मला ती खटकते. पण ती अटकेपुरती आहे, झडतीला लागू नाही. मेसेजवाल्यानं दोन्हींची खिचडी केली.

आता ते कपडे उतरवण्याचं. सगळ्यात जास्त नुकसान याच वाक्यानं केलंय, कारण म्हाताऱ्या आया यालाच घाबरून घरी बसतात. 1894 च्या कायद्याचं कलम 41 सांगतं की भेटीला आलेल्या माणसाची झडती संशयाला कारण असेल तरच घेता येते, आणि तीही कैद्यांसमोर किंवा दुसऱ्या भेटवाल्यांसमोर नाही. म्हणजे "सगळ्यांसमोर" हेच मुळात कायद्याविरुद्ध. नकार दिला तर? केस नाही. जेलर आत सोडायला नकार देऊ शकतो, आणि त्याचं कारण त्याला नोंदवून ठेवावं लागतं. बस्स, एवढंच. दारात मोबाईल बाहेर ठेवायचा, ओळखपत्र दाखवायचं, पिशवी उघडायची, संशय आला तर आडोशाला महिला शिपाई पदर, कंबर चाचपते. महिला शिपाई जागेवर नसेल तर ठामपणे म्हणायचं, "बाईला बोलवा, मी थांबते." ताटकळावं लागेल, पण तो तुमचा हक्क आहे.

तक्रारीचं तर धडधडीत खोटं. जेल अधीक्षकांकडे, जिल्हा न्यायाधीशांकडे, राज्य मानवी हक्क आयोगाकडे लेखी तक्रार करता येते. वकील परवडत नाही म्हणून गप्प बसायचं कारण नाही. विधी सेवा प्राधिकरण कायदा, 1987 च्या कलम 12 नुसार कोणत्याही बाईला, मिळकत कितीही असो, फुकट कायदेशीर मदत मिळते.

असल्या मेसेजांना आपल्याकडे पाय फुटतात त्याला एक कारण आहे. दारावरची सूचना कानडीत, कायदा इंग्रजीत, आणि मराठीत हाती येते ती फक्त अफवा. ज्यांनी ती पुढे ढकलली त्यांनी त्याच ग्रुपवर कलम 49(2) मराठीत टाकावं, आणि शेजारच्या कुणा आईची मुलाखत चुकली असेल तर पुढच्या वेळी तिच्यासोबत हिंडलग्यापर्यंत जावं.