वकिलाच्या नोटिशीने मुदत वाढत नाही, तो मेसेज पुढे पाठवणं थांबवा

माझ्या आतेभावाचा साकीनाक्याला पॅकिंगच्या खोक्यांचा छोटा कारखाना आहे. त्याच्या व्यापाऱ्यांच्या ग्रुपवर "उधारी वसुलीचे रामबाण उपाय" असा मेसेज फिरतोय, तो त्याने मला पाठवला आणि वर लिहिलं, "बघ, टेन्शनच गेलं." गेलं नाही रे बाबा, वाढलंय.

उधारीच्या वसुलीचा दावा कोर्टात लावायला तीन वर्षांची मुदत असते. त्याबद्दलचा सगळ्यात घातक मुद्दा हा: "तीन वर्षं व्हायच्या आत वकिलाची नोटीस पाठवा, मुदत परत पहिल्यापासून सुरू होते." साफ खोटं. १९६३ च्या लिमिटेशन अ‍ॅक्टचं (दाव्यांच्या मुदतीचा कायदा) कलम १८ काढून वाचा. कबुली द्यायची ती देणेकऱ्याने, लेखी, सही करून, आणि तीही मुदत संपायच्या आत. नोटीस म्हणजे तुम्ही पैसे मागितलेत, त्याने कबूल कुठे केलं? दहा नोटिसा पाठवा, दिवस मोजले जातच राहतात. आता नोटिशीला त्याने सही करून उत्तर दिलं की रक्कम मान्य आहे, जरा वेळ द्या, तर मुदत नव्याने सुरू होते, एवढं मान्य करतो, पण ते त्याच्या उत्तराने, तुमच्या वकिलाच्या लेटरहेडने नाही. आणि पैसे बुडवायला बसलेला माणूस असं उत्तर कशाला देईल?

त्यात आमच्या बंधूंचा समज की शेवटच्या बिलापासून सगळ्यांची तीन वर्षं मोजायची. अरे, ६० दिवसांची उधारी ठरलेली असेल तर त्या त्या बिलाचे ६० दिवस संपले की त्या बिलाची मुदत सुरू, काहीच ठरलं नसेल तर माल पोचला त्या दिवसापासून. त्याच्या फायलीतलं सगळ्यात जुनं चलान, ज्यावर गेटवरच्या वॉचमनचा "माल मिळाला" शिक्का अर्धा पुसलाय, ते पुढच्या महिन्यात मुदतीबाहेर जातंय आणि हा नोटीस टाकून निवांत बसणार होता.

दुसरं, "पोलिसात ४२० टाका, दोन दिवसांत पैसे." पहिली गोष्ट, १ जुलै २०२४ पासून ते कलम भारतीय न्याय संहितेत ३१८ झालंय. आणि माल घेतानाच फसवायचा हेतू होता हे दाखवता येत नसेल तर नुसती थकबाकी म्हणजे फसवणूक नाही, सुप्रीम कोर्टाने हे कितीदा सांगितलंय. पोलीस "दिवाणी मॅटर आहे" म्हणून परत पाठवतात त्यात नवल नाही.

"अ‍ॅग्रीमेंट नसेल तर दावाच होत नाही" हे पण उगाच. पीओ (खरेदीची लेखी ऑर्डर), बिलं, चलान, ईमेल, खातेउतारा, यावर दावे चालतात.

"कोर्टात आयुष्य जातं" यात तथ्य आहे, नाही म्हणत नाही. डिक्री, म्हणजे कोर्टाचा हुकूमनामा, मिळाली तरी वसुलीसाठी वेगळी दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज) लावावी लागते. पण लेखी करार किंवा प्रॉमिसरी नोट (पैसे देण्याचं सही केलेलं लेखी वचन) असेल तर समरी सूट, म्हणजे झटपट चालणारा दावा, लावता येतो, त्यात समोरच्याला नुसता बचाव करायलासुद्धा कोर्टाची परवानगी लागते. हे मेसेजमध्ये कुठेच नाही.

बंधूंना सांगितलंय, या आठवड्यात पैसे थकवलेल्या त्या पार्टीकडून बाकी रकमेच्या कागदावर सही-शिक्का घे. नाही दिला तर लगेच वकिलाकडे जा. रक्कम तीन लाखांच्या वर आहे, म्हणजे कमर्शियल कोर्ट, आणि तातडीचा मनाई हुकूम वगैरे मागायचा नसेल तर तिथे दाव्याआधी कमर्शियल कोर्ट्स अ‍ॅक्टच्या कलम १२अ ची मध्यस्थी सक्तीची आहे. तो अर्ज मुदतीत टाकला तर मध्यस्थीत गेलेले दिवस लिमिटेशनमध्ये धरत नाहीत.