टिळकही तेच, फुलेही तेच

काल रात्री यूट्यूबवर 'भारत एक खोज'मधला महात्मा फुल्यांचा भाग लावला होता. चिरंजीव मोबाईलमधून डोकं वर काढून म्हणाले, "बाबा, हे 'कुली नंबर वन'मधले लग्न जुळवणारे ना?"

हो रे बाबा, तेच. सदाशिव अमरापूरकर. आमच्या नगरचे.

पोराला काय बोलणार? आपण सगळ्यांनी तरी त्यांना तसंच लक्षात ठेवलंय. 'अर्धसत्य'मधला रामा शेट्टी १९८३चा. दिग्दर्शक गोविंद निहलानींनी हा माणूस मराठी रंगभूमीवरून उचलला. आरडाओरडा नाही, डोळे वटारणं नाही. शब्द जरा रेंगाळत, चघळत टाकायचा आणि समोरच्या इन्स्पेक्टरला त्याची लायकी दाखवायची. हिंदी सिनेमात गुंड असा बोलत नसे. सहाय्यक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं आणि तिथेच घात झाला, असं माझं मत. 'हुकूमत'पासून पुढे जो तो ह्यांच्याकडे रामा शेट्टीच मागायला लागला, तोही आवाज वाढवून.

'सडक'ची महाराणी मात्र वेगळी. १९९१ साली आम्ही तो भाड्याच्या कॅसेटवर पाहिला. महाराणी पडद्यावर आली की आई उठून स्वयंपाकघरात जायची आणि तिथून विचारायची, "गेला का तो मेला?" खलनायकाचं फिल्मफेअर ज्या वर्षी पहिल्यांदा दिलं गेलं, त्या वर्षी ते ह्याच भूमिकेला मिळालं. (तृतीयपंथीयांना असं भेसूर दाखवणं आज खटकतं, आणि खटकायलाच हवं. पण त्यातली नटाची ताकद नाकारता येत नाही.)

मला खरी गंमत वाटते ती दुसऱ्याच गोष्टीची. '२२ जून १८९७' नावाच्या सिनेमात ह्या माणसाने लोकमान्य टिळक केले आणि पुढे श्याम बेनेगलांच्या ह्या 'भारत एक खोज' मालिकेत जोतिबा फुले. ज्या दोन नावांवरून महाराष्ट्रात अजून कट्ट्याकट्ट्यावर भांडणं होतात, ती दोन्ही एकाच चेहऱ्यावर शोभली! इतिहास शिकलेला नट होता, म्हणून असेल. बरं, फुल्यांचं काम चालू असताना रामा शेट्टी चुकूनही आठवत नाही. आवाज तोच, पण त्यातला माज गेलेला.

'चरित्र अभिनेता' हा शब्द आपण किती सहज वापरतो. म्हणजे नायक नाही तो, एवढाच अर्थ. २०१४च्या नोव्हेंबरात ते गेले, तेव्हाही बातम्यांत 'खलनायक' हाच शब्द आधी आला. जोतिबा कुठेतरी शेवटच्या ओळीत, तेही आले तर.

भाग निम्मा झाला होता, तेवढ्यात आई पाणी प्यायला बाहेर आली. चष्मा पुसून बराच वेळ टीव्हीकडे बघत राहिली.

"हा तोच ना रे, मेला?"

"तोच."

तांब्या हातात तसाच धरून खुर्चीवर टेकली. भाग संपेपर्यंत उठली नाही.