‘ठराव झाला, आता अर्ज भरता येत नाही’ : फिरणाऱ्या मेसेजला उत्तर

महिनाभर तालुक्यातल्या जवळपास प्रत्येक व्हॉट्सॲप गटात एक मेसेज फिरतोय. त्याचं म्हणणं असं : ग्रामसभेने ग्रामपंचायतीची निवडणूक बिनविरोध करायचा ठराव केला की तो सगळ्यांवर बंधनकारक, नंतर कुणी अर्ज भरला तर तो छाननीत बाद. सरपंचपदाची बोली देवळासाठी लावली तर ती लाच नव्हे, देणगी. बिनविरोध गावाला सरकारचं बक्षीस हमखास. आणि बिनविरोध आलेल्याला खर्चाचा हिशेब नाही, जात पडताळणी नाही. खाली ठळक अक्षरांत ‘कायदेशीर माहिती’. तहसील कचेरीसमोर बसून मी वर्षानुवर्षं लोकांचे अर्ज भरून देतो. यातलं एकही वाक्य खरं नाही आणि त्यापायी माणसांचं नुकसान होतंय, म्हणून हे लिहितोय.

आधी ठरावाचं. ग्रामपंचायतीची निवडणूक ग्रामसभा घेत नाही, राज्य निवडणूक आयोग घेतो. घटनेच्या अनुच्छेद 243-के ने ते काम आयोगाकडे दिलंय. उभं कोणी राहायचं हे 1958 च्या ग्रामपंचायत अधिनियमात लिहिलंय : गावच्या मतदारयादीत नाव हवं, वय 21 पूर्ण हवं आणि अपात्रता नको. छाननीत निवडणूक निर्णय अधिकारी हे आणि अर्जाचे कागद तपासतो. ‘गावाचा ठराव मोडला’ या कारणाने अर्ज बाद करायची सोयच नाही. धडगाव, अक्कलकुवा, तळोदा, नवापूर भागातली मंडळी म्हणतात, आमच्याकडे पेसा म्हणजे आदिवासी भागातल्या ग्रामसभांचा कायदा आहे, आमच्या ग्रामसभेला जादा अधिकार आहेत. आहेत, आणि ते मोठे आहेत. पण उमेदवारी काढून घ्यायचा अधिकार त्यातही नाही.

मग बिनविरोध होतं कसं? माघारीच्या दिवशी दुपारी 3 वाजता मुदत संपते. त्या वेळी एका जागेला एकच वैध उमेदवार उरला, तर तो निवडून आल्याचं जाहीर होतं. एवढंच. तेही जागेनिहाय. एका प्रभागात एक जागा बिनविरोध आणि दुसऱ्या जागेला मतदान, असं सर्रास होतं. कुणाचाच अर्ज नसेल तर जागा रिकामी राहते, तिथे पोटनिवडणूक लागते. 2022 पासून सरपंच पुन्हा थेट लोकांतून निवडला जातो, म्हणून सगळे सदस्य बिनविरोध झाले तरी सरपंचपदासाठी मतदान होऊ शकतं.

माघार मात्र उमेदवाराची स्वतःची हवी. मागच्या वेळी पावणेतीनच्या सुमारास चार-पाच माणसं एका बाईला माझ्या टेबलाशी घेऊन आली. माघारीचा कागद आधीच भरलेला, फक्त सही बाकी. कापूस वेचून तिची बोटं बोंडांनी ओरबाडलेली होती, पेन धरताना ती आखडत होती. बाकीचे कचेरीच्या दाराकडे वळले तशी ती हळूच म्हणाली, “भाऊ, मी सही नही करी ते काय व्हई?” मी म्हटलं, “ताई, काही होणार नाही. तुमचा अर्ज तसाच राहील.” तिला सांगितलं होतं की ठराव मोडला तर पोलीस येतील. तिने पेन खाली ठेवलं. असला मेसेज कुणाच्या मानगुटीवर बसतो, ते त्या दिवशी मी पाहिलं.

आता बोली. हा मुद्दा खान्देशाला कुणी शिकवायची गरज नव्हती. जानेवारी 2021 मध्ये, मतदानाला दोन दिवस असताना, आयोगाने नंदुरबार जिल्ह्यातल्या खोंडामळीची आणि नाशिक जिल्ह्याच्या देवळा तालुक्यातल्या उमराण्याची अख्खी निवडणूक प्रक्रिया रद्द केली. कारण पदांचा लिलाव. खोंडामळीत आकडा 42 लाखांचा होता, उमराण्यात 2 कोटी 5 लाखांचा. उमराण्याची बोली तर रामेश्वराच्या मंदिरासाठीच होती. देवाचं नाव घेऊन वाचता आलं नाही. भारतीय न्याय संहितेच्या कलम 169 मध्ये ‘निवडणूक हक्क’ म्हणजे मत देणंच नव्हे, तर उभं राहणं, न राहणं आणि माघार घेणं हेसुद्धा येतं. हा हक्क वापरावा म्हणून कुणालाही पैसा दिला तर कलम 170 प्रमाणे ती लाच. पावती मंदिराच्या नावाने फाडली म्हणून पैशामागचा हेतू बदलत नाही. आणि बोली कोण लावतो? ज्याची बागायत आहे तो. सालदाराने कुठून लावायची?

बक्षिसाची गोष्ट गुजरातेतून आलेली दिसते. तिथे 2001 पासून ‘समरस’ म्हणजे बिनविरोध पंचायत निवडणाऱ्या गावांना सरकारी अनुदान मिळतं, आणि नवापूर ओलांडलं की गुजरातच. आपल्या ग्रामपंचायत अधिनियमात असं बक्षीस नाही. एखाद्या आमदाराने भाषणात आकडा सांगितला तर ती त्याची घोषणा, गावाचा हक्क नाही.

मला एकमताचं वावडं नाही. पारावर बसून खुशीने ठरलं, दुसऱ्या कुणी अर्जच भरला नाही, तर कायदाही आड येत नाही. दम देऊन घेतलेल्या सह्यांना एकमत म्हणू नका.

उरला हिशेब. बिनविरोध आलेलाही उमेदवारच असतो. निकालापासून 30 दिवसांत खर्च सादर करावा लागतो, खर्च शून्य असला तरी. नाही केला तर ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम 14-ब खाली आयोग 5 वर्षांसाठी अपात्र ठरवू शकतो. राखीव जागेवर आलेल्याने मुदतीत जात वैधता प्रमाणपत्र दिलं नाही तर पद जातं, मग तो मतांनी आलेला असो की बिनविरोध. शिवाय निकालापासून 15 दिवसांत गावातला कुठलाही मतदार त्याच अधिनियमाच्या कलम 15 खाली निवडीविरुद्ध दिवाणी न्यायालयात जाऊ शकतो. हा मेसेज खरा मानून ज्यांनी हिशेब दिलेला नाही, त्यांनी मुदत मोजून घ्या आणि आजच कचेरी गाठा. कागद भरून द्यायला मी समोरच बसलेला असतो, शून्य खर्चाच्या हिशेबाचे पैसे मी घेत नाही.