मर्जीतला जनरल

जुलै 2001. आग्र्याची भारत-पाक शिखर परिषद चालू होती आणि पाकिस्तानचे लष्करशहा परवेझ मुशर्रफ भारतीय संपादकांबरोबर नाश्ता करताना टीव्हीवर दिसत होते. बाबा बनियनवर बसलेले, हातातला चहा गार झालेला, आणि एकदम म्हणाले, "काहीही म्हण, बोलतो मात्र ठासून." मी भडकलो. कारगिलला जेमतेम दोन वर्षं झाली होती, आणि कारगिल घडवणारा माणूस हाच! बाबा शांतपणे म्हणाले, "अरे, खिसेकापूचा हात सफाईचा असला तर तसं म्हणू नये का?"

तेव्हापासून या माणसाबद्दल मिळेल ते वाचत आलोय. माझं मत विचाराल तर रणगाडे, आणीबाणी, अमेरिकेची साथ हे सगळं नंतरचं. मुशर्रफ यांची गोष्ट मुळात नेमणुकांची आहे. कुणी कुणाला 'आपला' समजून खुर्चीत बसवलं, ते बघत जा.

ऑक्टोबर 1998 मध्ये पंतप्रधान नवाझ शरीफ यांनी ज्येष्ठ अधिकाऱ्यांना बाजूला सारून मुशर्रफना लष्करप्रमुख केलं. जन्म दिल्लीच्या दर्यागंजमधला, म्हणजे फाळणीत तिकडे गेलेला मुहाजिर. पंजाबी-पठाणांच्या फौजेत याच्या मागे कोण उभं राहणार, असा हिशेब त्यामागे होता असं मानतात. हाच हिशेब 1976 मध्ये तेव्हाचे पंतप्रधान झुल्फिकार अली भुट्टोंनी झिया-उल-हक यांना लष्करप्रमुख करताना केला होता. पुढच्याच वर्षी झियांनी त्यांची सत्ता उलथवली आणि 1979 मध्ये त्यांना फासावर चढवलं. शरीफ तर झियांच्याच राजवटीत राजकारणात वर आलेले! तरी तीच चूक. खुर्चीत बसलं की प्रत्येकाला वाटतं, माझा माणूस वेगळा आहे.

12 ऑक्टोबर 1999. मुशर्रफ श्रीलंकेहून परतत होते. विमान साधंच, प्रवासी वाहतुकीचं, 198 प्रवासी. ते हवेत असताना शरीफनी त्यांना काढून आयएसआयचे प्रमुख झियाउद्दीन बट यांना लष्करप्रमुख जाहीर केलं आणि कराचीला विमान उतरू द्यायचं नाही असा हुकूम सोडला. धावपट्टीवर अग्निशमनच्या गाड्या आडव्या लावल्या. वैमानिक सांगतोय इंधन संपत आलंय, खालून उत्तर येतंय दुसरीकडे जा. तेवढ्यात फौजेनं विमानतळ ताब्यात घेतला. मुशर्रफ यांच्या सांगण्याप्रमाणे विमान टेकलं तेव्हा टाकीत सात मिनिटांचं इंधन उरलं होतं. इस्लामाबादमध्ये दूरचित्रवाणी केंद्राच्या फाटकावरून चढणाऱ्या सैनिकांची चित्रं तुम्हीही पाहिली असतील. झियाउद्दीन यांचं लष्करप्रमुखपद काही तासांत आटोपलं. शरीफना पुढे विमान अपहरणाच्या गुन्ह्यात जन्मठेप झाली. जमिनीवर बसून विमान पळवणारा माणूस मला तरी दुसरा माहीत नाही.

मग सुगीचे दिवस. मुशर्रफ राष्ट्राध्यक्ष राहावेत का यावर 2002 चं सार्वमत, 97 टक्क्यांहून जास्त होकार (एवढे मार्क आमच्या वर्गात कॉपी करणाऱ्यालाही पडत नसत). एक गोष्ट मात्र मोकळ्या मनानं मान्य करायला हवी, खासगी वृत्तवाहिन्या तिथे फुलल्या त्या यांच्याच काळात. पुढे त्याच त्यांच्या मानेवर बसल्या.

आता दुसरा 'आपला' माणूस, न्यायमूर्ती इफ्तिखार चौधरी. जानेवारी 2000 मध्ये मुशर्रफनी न्यायाधीशांना नव्यानं शपथ घ्यायला लावली. सरन्यायाधीशांसह काहींनी नकार देऊन घर गाठलं. चौधरींनी निमूट शपथ घेतली. 2005 मध्ये मुशर्रफनीच त्यांना सरन्यायाधीश केलं. हा कशाला आडवा येतोय?

9 मार्च 2007 ला त्यांना रावळपिंडीला बोलावलं. समोर मुशर्रफ पूर्ण गणवेशात. राजीनामा द्या. चौधरी नाही म्हणाले. कित्येक तास बसवून ठेवलं, तरी नाहीच. चार दिवसांनी पोलीस त्यांना केसाला धरून गाडीत कोंबतायत असा फोटो छापून आला आणि देशभरचे वकील काळ्या कोटात रस्त्यावर उतरले. मे महिन्यात चौधरी इस्लामाबादहून लाहोरला गाडीनं निघाले. चार-पाच तासांचा रस्ता, लागला जवळजवळ एक दिवस, इतकी गर्दी. आणि हे सगळं वाहिन्यांवर थेट.

काही जण मुशर्रफ यांना बेनझीर भुट्टो यांच्या हत्येनं किंवा इस्लामाबादच्या लाल मशिदीवरच्या लष्करी कारवाईनं पाडलं असं म्हणतात. मला पटत नाही. ते धक्के होतेच, पण पाया त्या खोलीतल्या 'नाही'नं खचला. नोव्हेंबरमध्ये आणीबाणी लावून न्यायाधीशांना घरात कोंडलं, तो भेदरलेल्या माणसाचा हुकूम होता.

तिसरा माणूस जनरल अशफाक परवेझ कयानी. आयएसआयचे माजी प्रमुख, खास विश्वासातले. वर्दी म्हणजे माझी दुसरी कातडी म्हणणाऱ्या मुशर्रफनी 28 नोव्हेंबर 2007 ला लष्करप्रमुखाची छडी त्यांच्या हाती दिली. तीन महिन्यांनी निवडणूक झाली, मुशर्रफ यांच्या बाजूचा पक्ष आपटला. ऑगस्टमध्ये महाभियोगाची तयारी सुरू झाली. सगळ्यांचे डोळे कयानींकडे. कयानी स्वस्थ बसले. ना विरोधात बोलले, ना वाचवायला आले. 18 ऑगस्ट 2008 ला मुशर्रफ टीव्हीवर तासभर बोलले आणि राजीनामा देऊन मोकळे झाले.

नंतरचं सगळं उतारावरचं. 2013 मध्ये वाजतगाजत परतले, तर कराचीत कोर्टाच्या आवारात कुणीतरी बूट भिरकावला. इस्लामाबादला जामीन रद्द होताच कोर्टातून थेट गाडीत बसून फार्महाउसवर पळाले. 2016 मध्ये उपचारांसाठी म्हणून दुबईला गेले ते गेलेच. 2019 मध्ये देशद्रोहासाठी फाशीची शिक्षा झाली. एका न्यायमूर्तींनी तर लिहिलं की आधीच मेले तर प्रेत फरफटत आणून चौकात तीन दिवस टांगा. हे वाचून मलासुद्धा कसंतरी झालं, आणि कारगिलचा राग माझ्या मनातून आजही गेलेला नाही.

5 फेब्रुवारी 2023 ला दुबईतच गेले. दोन दिवसांनी कराचीत मलीर छावणीत अंत्यविधीची नमाज झाली. माजी लष्करप्रमुख आले होते. त्यांत कयानीही होते.